दोन बंब

आमच्या ऑफिसात वर्षातून दोनदा फायर ड्रिल होतं. हिंजवडीतल्या कुठल्याही आयटीवाल्याला विचारा, ड्रिल म्हणजे काय? तो सांगेल, चहाचा ब्रेक. सायरन वाजतो, लॅपटॉप लॉक करून आपण जिन्यानं सहा मजले उतरतो, असेंब्ली पॉइंटला घोळका करतो. नारिंगी जाकीट घातलेला फायर वॉर्डन (तोही आपल्याच टीममधला, त्याला स्वतःलाच हसू येत असतं) डोकी मोजतो... आणि मग सगळे टपरीवर. अशी आठ ड्रिल्स मी केली आहेत. त्यामुळे आग लागली तर काय करायचं हे आपल्याला येतं, असा माझा अगदी प्रामाणिक समज होता.

तो समज गेल्या वर्षी एप्रिलमध्ये मुरुडला, आत्याच्या स्वयंपाकघरात, साधारण चार सेकंदांत संपला.

मुरुड म्हणजे जंजिऱ्याचं मुरुड, दापोलीकडचं नव्हे. आत्याचं घर नारळ-सुपारीच्या वाडीत आहे. मागच्या दोन खोल्या ती पर्यटकांना देते. त्या दिवशी पुण्याचा एक ग्रुप आला होता आणि वड्यांचा बेत होता. कढईत तेल तापत होतं, तेवढ्यात आत्याला फोन आला आणि ती रेंज शोधत अंगणात गेली. मी ओट्यापाशी मोबाइल बघत उभा. तेलातून आधी धूर, मग एकदम भक्कन ज्वाळा! मी काय केलं असेल? शेजारी पाण्याची कळशी होती, ती उचलली.

आत्या दारातूनच ओरडली. आत येऊन तिनं मला खांद्यानं बाजूला ढकललं, गॅस बंद केला, भिंतीला टेकून ठेवलेली परात कढईवर सरकवली, आणि पदराला हात पुसत म्हणाली, "इंजिनिअर ना रे तू?"

खरं सांगतो, त्यानंतर मला ते वडे गिळवले नाहीत. कारण थिअरी मला माहीत होती. पेटतं तेल शंभर अंशांच्या कितीतरी वर असतं, पाणी त्याच्या तळाशी जातं, क्षणात वाफ होते आणि ती वाफ मूळच्या सुमारे सतराशे पट जागा मागते. म्हणजे पेटतं तेल छतापर्यंत उडतं. सगळं माहीत होतं. फक्त हाताला माहीत नव्हतं.

असो. इथून डोक्यात किडा शिरला की ह्या विषयावर एक डॉक्युमेंटरी करायची आणि मुरुडमध्येच दाखवायची. माझा एक मित्र वीकेन्डला लग्नांचे व्हिडिओ शूट करतो, त्याच्याकडे कॅमेरा आणि ड्रोन. मी स्क्रिप्ट लिहिली. दिवाळीत आत्याच्या अंगणात पांढरी चादर बांधून प्रोजेक्टर लावला. चाळीसएक माणसं जमली. फिल्म १८ मिनिटांची. सुरुवातीला जंजिऱ्यावरून ड्रोन (फुकटचा ड्रोन आहे तर वापरायला नको? :) ), मग २०१२ची मंत्रालयाची आग, २०१७ची कमला मिल्सची आग, बातम्यांची कात्रणं, मागे उदास व्हायोलिन आणि माझ्या मित्राचा खर्जातला आवाज, "आग... एक क्षण, आणि सारं काही राख..."

लोकांनी मन लावून पाहिली. बायकांनी तोंडाला पदर लावले. संपल्यावर चहा झाला, फार छान केलंत म्हणाले, घरी गेले. आम्ही खूश.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या न्हाणीघरात बंब पेटवत होती. आंघोळीचा, तांब्याचा. नारळाची सोडणं, करवंट्या, सुकी चुडतं, सगळं सरपण नेहमीप्रमाणे बंबाला चिकटून रचलेलं. मी विचारलं, "आत्या, कालची फिल्म कशी वाटली?"

ती म्हणाली, "चांगली होती. मुंबईत फार आगी लागतात रे."

झालं! अठरा मिनिटांत आम्ही मुरुडकरांना एकच गोष्ट शिकवली होती. आग मुंबईत लागते.

मला वाटतं समाजप्रबोधनाच्या बहुतेक फिल्म्सचं हेच होतं. बाबांशी बोलताना हा विषय निघाला. ते ऐंशीच्या दशकात मुंबईत नोकरीला होते. ते म्हणाले, "पिक्चरच्या आधी सरकारी डॉक्युमेंटरी असायची. ती सुरू झाली की आम्ही शेंगदाणे आणायला बाहेर." पेडर रोडवरचं फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झालं (आता ते एनएफडीसीमध्ये विलीन झालंय) आणि कित्येक दशकं प्रत्येक थिएटरला सिनेमाआधी त्यांची फिल्म दाखवणं बंधनकारक होतं. त्यातल्या काही फिल्म्स खरोखर उत्तम होत्या, मोठमोठ्या दिग्दर्शकांनी केलेल्या. पण विचार करा, इतका मोठा सक्तीचा प्रेक्षक जगात क्वचितच कुणाला मिळाला असेल, आणि बाबांना त्यातलं आठवतं काय? शेंगदाणे. कारण बोलणारा आवाज वरून यायचा. तो सगळ्यांशी एकसारखं बोलायचा, म्हणजे नेमकं कुणाशीच नाही. आणि प्रश्न विचारायची सोय नव्हती. आम्हीही तेच केलं होतं, फक्त ड्रोन लावून.

मग मी दोन दिवस नुसता आत्याच्या मागे फिरलो. काही शूट केलं नाही. आणि लक्षात आलं की ज्यांना मी आग शिकवायला निघालो होतो, ती माणसं आगीच्या बाबतीत माझ्यापेक्षा शंभर पटीनं हुशार आहेत. कोकणातला शेतकरी दर उन्हाळ्यात राब भाजतो. पाला, काटक्या, शेण पसरून, वारा बघून, कडेची जागा साफ करून जमीन भाजायची आणि ती आग बांधाबाहेर जाऊ द्यायची नाही. शिमग्याला वाडीवाडीत होळी पेटते. डोंगराला वणवा लागला की ओल्या फांद्या घेऊन तो झोडपायला कुणाला ट्रेनिंग लागत नाही. आत्यानं पन्नास वर्षं चूल सांभाळली आहे. परात कढईवर कशी सरकवायची हे तिला कुठल्या पीपीटीनं शिकवलं नाही.

पण ही सगळी जुनी आग. जुनी आग दिसते, तडतडते, वास देते, हळूहळू वाढते. आत्याच्या घरात गेल्या पंचवीस वर्षांत नवी आग आली आहे. गॅस आला. पर्यटकांसाठी दोन एसी आले आणि ते जुन्याच वायरिंगवर चढले. ३ जून २०२०च्या निसर्ग वादळानंतर त्या वायरिंगला तीन ठिकाणी जोड दिलेत, वर काळी टेप. फोमच्या गाद्या आल्या. रात्रभर उशाशी चार्जिंगला लावलेले मोबाइल आणि पॉवर बँका आल्या. ह्यातली कुठलीच आग चुलीसारखी वागत नाही. गॅस दिसत नाही, तार भिंतीत तापते, आणि फोमची गादी पेटली तर ज्वाळा अंगापर्यंत यायच्या आधीच धूर माणसाला बेशुद्ध करतो.

आणि माझ्या मते फिल्मची खरी गरज इथे आहे. जे डोळ्यांना दिसत नाही ते दाखवायला, आणि जे अंगणात करून दाखवणं धोक्याचं आहे ते दाखवायला. बाकी भाषण द्यायला माणूस पुरतो.

एक उदाहरण देतो. २० फेब्रुवारी २००३ला अमेरिकेत ऱ्होड आयलंडमधल्या द स्टेशन नावाच्या नाइटक्लबात आग लागली. गाणं सुरू होताना लावलेल्या फटाक्यांनी भिंतीवरचा फोम पेटला. त्या रात्री तिथे टीव्हीचा एक कॅमेरामन हजर होता. तो आला होता, विश्वास बसणार नाही, सार्वजनिक जागांच्या सुरक्षिततेवर बातमी करायला. तीनच दिवस आधी शिकागोच्या एका क्लबात चेंगराचेंगरी झाली होती म्हणून. त्याच्या कॅमेऱ्यात सगळं आलं. सुरुवातीला लोकांना तो शोचाच भाग वाटतो, काही जण ग्लास हातात घेऊन बघत राहतात. मग सगळे वळतात ते ज्या दारानं आत आले त्याच पुढच्या दाराकडे, बाकीची दारं असूनही. सुमारे दीड मिनिटात आत थांबणं अशक्य झालं. १०० माणसं गेली. ते चित्रण नंतर अग्निशमनाच्या प्रशिक्षणात वापरलं जाऊ लागलं. मी ते पाहिलं तेव्हा मला पहिल्यांदा 'दीड मिनिट' म्हणजे किती हे कळलं. मोबाइल शोधायला मला ह्याहून जास्त वेळ लागतो.

पण मेलेल्या माणसांचं चित्रण आत्याच्या अंगणात दाखवायचं नाही, हे आम्ही ठरवलं. पहिल्या फिल्मची चूक परत करायची नव्हती. भीतीनं माणूस हळहळतो, शिकत नाही. शिकतो तो हातानं. ह्याबाबतीत मला पाणी फाउंडेशनचं काम फार आवडतं. २०१६ साली वरूड, अंबाजोगाई आणि कोरेगाव ह्या ३ तालुक्यांत त्यांनी वॉटर कप सुरू केला, आणि गावकऱ्यांना पाणलोटाचं तंत्र शिकवताना फिल्म्स वापरल्या. दुष्काळाच्या रडगाण्याच्या नव्हे. चर कसा आखायचा, बांध कसा घालायचा, ह्याच्या, साध्या मराठीत. फिल्म बघायची आणि मग कुदळ घेऊन शिवारात जायचं. म्हणजे फिल्म हा अर्धाच धडा, उरलेला अर्धा शिवारात.

तर आमची दुसरी फिल्म अशी झाली. लांबी ९ मिनिटं. ड्रोन नाही, व्हायोलिन नाही. सगळी आत्याच्या घरात शूट केलेली. तीन तुकडे, आणि प्रत्येक तुकड्यानंतर फिल्म थांबवून दिवे लावायचे.

पहिला तुकडा परातीचा, त्यात आत्या हिरॉइन. इंजिनिअर भाच्याचा रोल अर्थात मीच केला. लोक इतके हसले की रिवाइंड करावं लागलं.

दुसरा तुकडा गॅसचा. एलपीजी हवेपेक्षा दीडपट ते दुप्पट जड असतो, म्हणून गळला तर वर न जाता खाली जमिनीवर साचतो, हे आपण शाळेत वाचलेलं असतं. पण हे दाखवायचं कसं? आम्ही पुण्याहून थर्माकोलच्या खोक्यात कोरडा बर्फ नेला. त्याचा गार पांढरा धूरही जड असतो, खाली बसतो. खरा गॅस नाही, फक्त तसाच वागणारा धूर, हे फिल्ममध्ये स्पष्ट सांगितलं. तो सिलिंडरपाशी ठेवून त्यावर पाणी ओतलं आणि कॅमेरा जमिनीलगत लावला. धूर ओट्याखालून निघाला, फरशीवरून सरकत उंबऱ्यापाशी आला, दाराच्या फटीतून पलीकडे गेला... आणि न्हाणीघरात बंबाच्या तोंडाशी जाऊन थांबला.

अंगणात कुणी बोलेना. मग आत्याच म्हणाली, "अगो बाई. म्हणजे हा बंबापर्यंत जातो!"

अख्ख्या खटाटोपाचं सार्थक त्या एका वाक्यात झालं. तिला बंबाची आग माहीत होती, गॅसही माहीत होता. दोन्ही एकाच घरात, एका दाराच्या अंतरावर आहेत, हे कधी दिसलं नव्हतं. मग दिवे लावले आणि प्रत्येकानं, लहान पोरांसकट, रेग्युलेटर बंद करून बघितला. वास आला तर बटण लावायचं नाही, बंदही करायचं नाही, आधी पेटलेली चूल-बंब विझवायला धावायचं की माणसं बाहेर काढायची, ह्यावर वाद झाले. (आधी माणसं. बंबाजवळ जायचं नाही. दारं-खिडक्या जाता जाता उघडल्या तर उघडायच्या, आणि बाहेर जाऊन १९०६ला फोन.) एका काकूंना रेग्युलेटर फिरवताच येत नव्हता. इतकी वर्षं तो मुलगाच लावतो-काढतो म्हणे. मुलगा पनवेलला असतो.

तिसरा तुकडा धुराचा. खोलीत धूर भरला की खाली वाकून, रांगत दाराकडे जायचं. आम्ही डोळ्यांना फडकी बांधून पडवीतून रांगायची शर्यत लावली. पर्यटकांची पोरंही त्यात घुसली. हे सगळं का करायचं? तर आमच्याकडे बंब म्हटलं की आधी आंघोळीचाच आठवतो. दुसरा, लाल बंब, १०१ लावल्यावर निघतो खरा, पण वाडीतली वाट दोन सायकली समोरासमोर आल्या तर एकीला उतरावं लागेल इतकी अरुंद. तोवरची मिनिटं आपली आपणच काढायची असतात.

इथे एक आक्षेप येतो आणि तो मला मान्य आहे. मित्राच्या वडिलांनी तो घेतला. म्हणाले, "लोकांनाच शिकवत बसलात तर जबाबदारी कुणाची?" त्यांचं बरोबर आहे. ९ जानेवारी २०२१ला भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात नवजात बाळांच्या विभागात आग लागली आणि १० बाळं गेली. त्या बाळांना कुठली फिल्म दाखवणार होतो? त्याच वर्षी एप्रिलमध्ये विरार, नोव्हेंबरमध्ये नगर, दोन्हीकडे पुन्हा रुग्णालयंच, पलंगावरून उठू न शकणारी माणसं. अशा ठिकाणी 'जनजागृती' हा शब्द ऐकला की मला राग येतो. महाराष्ट्रात आग प्रतिबंधाचा २००६चा कायदा आहे. त्यात मालकानं किंवा जागा वापरणाऱ्यानं दरवर्षी जानेवारीत आणि जुलैत, यंत्रणा चालू असल्याचं परवानाधारक एजन्सीचं प्रमाणपत्र द्यायचं असतं. ते द्यायचं मालकानं आणि बघायचं शासनानं. फिल्म दाखवून त्यातून कुणाची सुटका होता कामा नये.

पण म्हणून फिल्म नको? मला तसं वाटत नाही. उलट चांगली फिल्म बघितलेला माणसूच हे प्रश्न विचारतो. जमिनीवरून सरकणारा धूर बघितल्यावर आत्यानं वायरमनला बोलावून ते तीन जोड काढून घेतले, एसीला वेगळी लाइन टाकली, आणि बिल भरताना मला म्हणाली, "तुमच्या ऑफिसात हे कोण बघतं रे?" मला सांगता येईना. आठ ड्रिल्स केलेला मी, माझ्या मजल्यावरचा दुसरा जिना कुठे उघडतो हे सोमवारी जाऊन पाहिलं. तो उघडला, पण खाली दारात रिकामी खोकी रचलेली होती. मेल टाकला. दोन रिमाइंडरनंतर हलली.

हा दुसरा शो आम्ही ह्या वर्षी १४ एप्रिलला केला. सुट्टी होती हे एक कारण. दुसरं कारण, हा अग्निशमन सेवा दिन. १४ एप्रिल १९४४ला मुंबईच्या व्हिक्टोरिया डॉकमध्ये फोर्ट स्टिकिन ह्या जहाजाला आग लागली. त्याच्या पोटात सुमारे १४०० टन स्फोटकं होती आणि कापसाच्या गासड्याही. आग आधी कापसाला लागली. दुपारी चारच्या सुमाराला पहिला स्फोट झाला, मग अर्ध्या तासानं दुसरा. आग विझवताना अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. शो सुरू करताना मी हे सांगितलं, तेव्हा कोपऱ्यातून एक आजोबा म्हणाले, "कापूस आणि दारूगोळा एकाच बोटीत भरला? अक्कल काय गहाण टाकली होती?" मी काही बोललो नाही. अर्ध्या तासानं पांढरा धूर न्हाणीघरात शिरला, तेव्हा तेच आजोबा सगळ्यात आधी उठून बसले.

तर माझं मत एवढंच. फिल्म करायचीच तर त्याच घरात करा, त्याच माणसांना घेऊन. त्यांना जे येतं ते आधी पडद्यावर दाखवा, मग जे दिसत नाही ते दाखवा, मग दिवे लावा आणि त्यांच्या हातात रेग्युलेटर द्या. तुमच्या सोसायटीतही हे होऊ शकतं. एक मोबाइल, एक चादर, तळमजल्यावरच्या कुणाचं तरी स्वयंपाकघर. गणपतीत ऑर्केस्ट्राच्या आधी नऊ मिनिटं मागून घ्या.

आणि फिल्म पूर्ण झाली असं समजू नका. शो संपल्यावर कोळीवाड्यातला एक तांडेल जवळ आला. त्याच्या होडीवर स्वयंपाक तिथेच होतो, डिझेल तिथेच, जाळी तिथेच, आठ-दहा खलाशी तिथेच झोपतात. म्हणाला, "तुमच्या फिल्ममध्ये तीन वेळा सांगितलं, बाहेर पळा. होडीवर बाहेर म्हणजे कुठे?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. नारळी पौर्णिमेच्या आधी, होड्या किनाऱ्याला असताना, त्याच्या होडीवर जाऊन बसायचं ठरलंय. ह्या वेळी कॅमेरा सुरू करायच्या आधी तो बोलणार, आम्ही ऐकणार.